एक प्रश्न विचारला असता, तर?

सॅली रूनी यांच्या २०१८ मधील कादंबरीवर बेतलेली ‘नॉर्मल पीपल’ ही बारा भागांची मालिका २०२० साली दूरचित्रवाणीवर आली. आमच्या मंडळींत ज्यांनी ती पाहिली, त्यांचे आक्षेप दोन: शय्यादृश्ये फार, आणि कॉनेलने एक साधा प्रश्न विचारला असता तर कथा सहाव्या भागातच आटोपली असती. पहिल्याशी आम्ही वाद घालत नाही. ज्यांना डोळे मिटायचे त्यांनी मिटावेत. दुसऱ्या आक्षेपात मात्र मालिकेवर नव्हे, तर आक्षेप घेणाऱ्यांच्या सुस्थितीवर प्रकाश पडतो.

आयर्लंडच्या पश्चिमेकडील स्लायगो परगण्यातले गाव. कॉनेलची आई लॉरेन ही मॅरिअनच्या मोठ्या घरात साफसफाईचे काम करते. शाळेत मात्र कॉनेल सर्वांचा लाडका, मॅरिअन एकटी आणि चेष्टेचा विषय. तो तिच्यावरचे प्रेम लपवतो आणि निरोपाच्या नृत्यसमारंभाला दुसरीच मुलगी नेतो. हे कळताच लॉरेन मुलाच्या मोटारीतून मध्येच उतरते. साऱ्या मालिकेत इतका स्वच्छ निवाडा दुसऱ्या कोणी दिलेला नाही, आणि तो देते ती त्या घरची लादी पुसणारी बाई.

पुढे दोघे डब्लिनच्या ट्रिनिटी महाविद्यालयात भेटतात. आता मॅरिअनभोवती मित्रांचा गोतावळा, आणि कॉनेल एकाकी. ‘पारडे फिरले’ असे म्हणून समीक्षक मोकळे होतात. आमच्या मते पारडे फिरले नाही, वजने बदलली. पैसा गावातही मॅरिअनकडेच होता. शाळेच्या पटांगणावर तो चालत नव्हता, इतकेच. आणि तिला सामर्थ्यवान तरी कसे म्हणावे? घरी भाऊ अंगावर येतो, आई पाठ फिरवते.

आता तो न विचारलेला प्रश्न. उन्हाळ्यात कॉनेलची उपाहारगृहातली नोकरी जाते, भाडे परवडत नाही. मॅरिअनचे घर आहे, रात्री तो बहुधा तिथेच असतो. ‘इथे राहू का?’ एवढे विचारायचे. तो विचारत नाही, गावी निघून जातो. तिला वाटते, आपण नकोशा झालो. यास कोणी गैरसमज म्हणते, कोणी लेखिकेची युक्ती. आमच्या आजोबांच्या पिढीत वार लावून जेवणारी मुले होती. सोमवार एका घरी, मंगळवार दुसऱ्या. एखादा वार मोकळा राहिला तर ती मुले उपाशी निजत, पण सोमवारच्या घरी जाऊन ‘आजही वाढाल का?’ असे विचारत नसत. यजमान प्रेमळ असला तर विचारणे अधिकच अवघड होई. ज्यांच्या वाड्यांत पान वाढले जात होते, त्यांच्या नातवंडांना कॉनेलचे मौन कळू नये, याचे आम्हांला नवल वाटते. की वाढणाऱ्याला ते कधीच कळत नसते?

आमची तक्रार वेगळीच आहे. पुढे दोघांनाही ट्रिनिटीची शिष्यवृत्ती मिळते. तिला तो मान. त्याला राहायला खोली आणि एक वेळचे जेवण. साऱ्या कथेची किल्ली इथे आहे, आणि मालिका मात्र लगबगीने इटलीतल्या उन्हात निघून जाते. देखणे आहे ते ऊन, नाही असे नाही. पण आम्ही ती खोली पाहायला थांबलो होतो.