कामाला गेली म्हणून देव सुटला का?

वनहक्काचे दावे भरायला आपण पाड्यापाड्यांवर बसतोय. तिथं एक बोलणं सारखं कानावर येतं. ती तर भिवंडीला कामावर असते, तिला कुठला गावदेव नि कुठली गावची जमीन? बोलणारे आपलेच गडी आहेत, म्हणून लिहावं लागतंय.

आम्ही त्या बायांच्या खोल्यांवर गेलोय. पत्र्याची खोली, भाड्याची. तिथं लग्न निघालं तर पत्र्यावर चौक लिहायचा कसा? पुठ्ठ्यावर गेरू फासतात, सवाशिणी तांदळाच्या पिठाने चौक लिहितात, पालघट देवी बसवतात. धवलेरीला गावाहून एस्टीने आणतात, तिकीट सगळ्या मिळून काढतात. पावसाळ्यात बाजारात रानभाजीचे ढीग लागतात, पण गावी कवळी भाजी देवाला दाखवल्याचा निरोप येईस्तोवर या बाया तोंडाला लावत नाहीत. वाघबारशीला मुकादम खाडा धरतो, तरी येतात. गावात राहणाऱ्या किती जणांनी एवढं पाळलंय, ज्याने त्याने बघावं.

देवाच्या नावानं चालतं ते सगळंच आम्हाला मान्य आहे असं नाही. भगताच्या सांगण्यावरून बाईला भुताळी ठरवून मारतात, त्याच्याशी आम्ही भांडलोय, भांडणारच.

पण दाव्याचं बघा. कायदा २००६ चा, नियम १ जानेवारी २००८ चे. नियम १३ सांगतो, देवाच्या जागा, मसणवट, विहिरी हाही पुरावा. म्हाताऱ्या माणसांचं सांगणं लिहून घेतलं तर तेही चालतं. आता वाघदेवाचा जुना दगड कुठल्या नाल्याच्या वर होता, कणसरीचं पहिलं कणीस कुठल्या खळ्यात पुजायचे, हे कुणाला माहीत? सासूबरोबर तिथं गेलेल्या बाईला. तीच आज विटा उचलते. तिला वगळलं तर साहेबासमोर दगड कोण दाखवणार?

शिवाय पट्टा नवरा-बायको दोघांच्या नावावर निघायचा आहे, ती कुणाची मेहरबानी नाही. आणि ग्रामसभेला किमान निम्मी माणसं हजर लागतात. एवढा पाडा कामावर गेलेला असताना ती आणायची कुठून?

यंदा दाव्यांची ग्रामसभा वाघबारशीच्या दुसऱ्या दिवशी ठेवा. बाया तेव्हा घरीच असतात. निरोप मात्र आत्ताच धाडा, म्हणजे त्या मुकादमाला आधीच सांगून ठेवतील.