सह्याद्री धावला, आणि मग?

देशाच्या संरक्षण मंत्रालयाबद्दल मराठी माणसाला एक वाक्य हमखास पाठ असतं. हिमालयाच्या हाकेला सह्याद्री धावून गेला! यशवंतराव चव्हाणांच्या जयंतीला, वक्तृत्व स्पर्धेत, पुढाऱ्यांच्या भाषणात हे वाक्य येतंच. वाक्य छान आहे आणि खोटंही नाही. अडचण एवढीच की ते फार लवकर संपतं. धावून गेल्यावर सह्याद्रीने तिथे केलं काय, असं कुणी विचारलं की बहुतेक जण गप्प होतात.

मला वाटतं, या वाक्याने आपलं थोडं नुकसानच केलं आहे. संरक्षण मंत्री म्हणजे संकटात धावत जाणारा वीर, असं चित्र आपल्या डोक्यात बसलं. प्रत्यक्षात हे पद धावणाऱ्याचं कमी आणि ठाण मांडून बसणाऱ्याचं जास्त आहे. सैन्याचं ऐकायचं, फायली वाचायच्या, वेळ आली की निर्णय स्वतःच्या अंगावर घ्यायचा, आणि हे सगळं वर्षानुवर्षं करायचं. कंटाळवाणं काम आहे, म्हणून त्याच्या घोषणा होत नाहीत.

आधी हे मंत्रालय आलं कुठून ते थोडक्यात बघू. ईस्ट इंडिया कंपनीने १७७६ साली कलकत्त्याला लष्करी खातं काढलं, तिथून ही गोष्ट सुरू होते. पुढे नावं बदलत गेली, १९३८ साली ‘संरक्षण’ हा शब्द खात्याच्या नावात आला. पण इंग्रजी अमलात खरी सत्ता सरसेनापतीच्या हाती होती. व्हाइसरॉयच्या खालोखाल त्याचाच मान. दिल्लीतला तीन मूर्ती बंगला या सरसेनापतीसाठी बांधलेला होता. स्वातंत्र्यानंतर त्याच बंगल्यात पंडित नेहरू राहायला गेले. सेनापतीच्या घरात लोकांनी निवडलेला पंतप्रधान! लोकशाहीत सैन्य कुणाच्या हाताखाली असतं, हे सांगायला याहून सोपं उदाहरण नाही.

१९४७ साली सरदार बलदेवसिंग पहिले संरक्षण मंत्री झाले. १९५५ साली ‘सरसेनापती’ हे पदनामच गेलं आणि तिन्ही दलांना आपापले प्रमुख मिळाले. तेव्हा संरक्षण मंत्री होते कैलासनाथ काटजू, आपल्या मध्य प्रदेशातल्या जावऱ्याचे. हेच काटजू १९५७ साली आपल्या राज्याचे मुख्यमंत्री झाले. म्हणजे मध्य प्रदेशाला संरक्षण मंत्रालयातून मुख्यमंत्री मिळाला, आणि पाच वर्षांनी महाराष्ट्राने आपला मुख्यमंत्री संरक्षण मंत्रालयाला दिला. १ नोव्हेंबर १९५६ ला सीमारेषा आखली गेली आणि आपला बालाघाट इकडे राहिला, भंडारा तिकडे गेला. त्यामुळे या दोन्ही गोष्टींवर आपला थोडाथोडा हक्क आहे, असं मी मानते.

काटजूंनंतर काही काळाने, १९५७ मध्येच, कृष्ण मेनन आले. त्यांना आज फक्त शिव्या मिळतात, ते बरोबर नाही. सैनिक शाळांची कल्पना त्यांच्याच काळात उभी राहिली. पहिली शाळा जून १९६१ मध्ये साताऱ्यात सुरू झाली, पुढच्या वर्षी आपल्या राज्यात रीव्याला. रणगाड्यांचा आवडीचा कारखाना, मिग विमानांचा रशियाशी करार, हेही त्यांच्याच कारकिर्दीतलं. माणूस बुद्धिमान होता, पण सेनापतींचं ऐकून घेण्याची सवय नव्हती. १९५९ साली लष्करप्रमुख जनरल थिमय्यांनी चक्क राजीनामा दिला. नेहरूंनी तो परत घ्यायला लावला, पण मंत्री आणि सैन्य यांच्यातला विश्वास काही परत आला नाही. ऑक्टोबर १९६२ मध्ये चीनने हल्ला केला तेव्हा त्याची किंमत बर्फात उभ्या असलेल्या जवानांनी मोजली.

आता सह्याद्रीकडे येऊ. यशवंतरावांनी २१ नोव्हेंबर १९६२ ला संरक्षण मंत्रिपदाची शपथ घेतली. महाराष्ट्राची गादी त्यांनी विदर्भाच्या मारोतराव कन्नमवारांकडे सोपवली होती. आणि गंमत बघा, चीनने एकतर्फी युद्धबंदी जाहीर केली तीही त्याच दिवशी. म्हणजे सह्याद्री पोहोचला तेव्हा लढाई थांबलेली होती! त्यांच्या वाट्याला आली ती पराभवानंतरची शांतता. खचलेलं सैन्य, चिडलेली संसद, आणि एकमेकांकडे संशयाने बघणारे अधिकारी.

अशा वेळी नव्या मंत्र्याला दोन मोह होतात. एक म्हणजे जुन्या लोकांवर खापर फोडायचं. दुसरा म्हणजे मोठमोठी भाषणं द्यायची. चव्हाणांनी दोन्ही टाळलं. रोज सकाळी तिन्ही दलांचे प्रमुख आणि संरक्षण सचिव यांच्याबरोबर बसायचं, असा त्यांनी पायंडा पाडला. ऐकायला किती साधं वाटतं! पण मेनन यांच्या काळात जे तुटलं होतं, ते या रोजच्या बैठकीनेच सांधलं गेलं. युद्धातल्या चुकांची लष्करी चौकशी झाली. तिचा रोख प्रशिक्षण, शस्त्रसामग्री, हुकूम देण्याची पद्धत, जवानांची शारीरिक क्षमता आणि सेनाधिकाऱ्यांची कुवत यांच्यावर ठेवला गेला. सप्टेंबर १९६३ मध्ये चव्हाणांनी तिचे निष्कर्ष संसदेत मांडले. १९६४ साली संरक्षणाची पहिली पंचवार्षिक योजना आली. सव्वाआठ लाखांचं सैन्य, डोंगरी युद्धासाठी वेगळ्या दहा डिव्हिजन, हवाई दलाच्या ४५ स्क्वाड्रन. शस्त्रं मिळवायला ते त्याच वर्षी आधी अमेरिकेला आणि मग रशियाला गेले. नेहरू वारल्याची बातमी त्यांना अमेरिकेतच कळली.

मग आला १ सप्टेंबर १९६५. पाकिस्तानचे रणगाडे छांबमध्ये घुसले होते. दुपारी लष्कराने हवाई दलाची मदत मागितली. विमानं वापरली की युद्ध वाढणार, हे उघड होतं. असा निर्णय एरवी मंत्रिमंडळाच्या बैठकीत होतो. पण बैठकीची वाट बघायला वेळ नव्हता. चव्हाणांनी तिथल्या तिथे परवानगी दिली आणि त्याच संध्याकाळी पठाणकोटहून विमानं उडाली. हे धाडस त्यांच्यात कुठून आलं? माझ्या मते ते अंगचं कमी आणि तीन वर्षांच्या त्या सकाळच्या बैठकांमधलं जास्त होतं. समोर बसलेले जनरल चौधरी आणि एअर मार्शल अर्जनसिंग काय बोलतात, त्यातलं किती धरायचं, हे त्यांना आधीपासून माहीत होतं. ऐन वेळी माणूस ओळखत बसावं लागलं असतं तर संध्याकाळ कधीच निघून गेली असती.

आता फक्त आरती ओवाळायची नाही. चव्हाणांच्या कारकिर्दीतही उणिवा होत्याच. ६२च्या पराभवाचा तो चौकशी अहवाल सरकारने अजून पूर्ण प्रसिद्ध केलेला नाही, आणि ही झाकपाक सुरू झाली ती त्यांच्याच काळात. ६५च्या युद्धात भूदल आणि हवाई दलाचा मेळ अनेकदा बसला नाही, नौदल तर बाजूलाच राहिलं. हे मान्य केल्याने त्यांचं मोठेपण कमी होत नाही. उलट देव्हाऱ्यातून खाली आल्यावर माणूस नीट दिसतो.

चव्हाणांनंतर आणखीही मराठी बोलणारे मुख्यमंत्री या खुर्चीवर बसले. शरद पवार जून १९९१ मध्ये गेले आणि मुंबईतल्या दंगलींनंतर मार्च १९९३ मध्ये मुख्यमंत्री म्हणून परत आले. मनोहर पर्रीकर नोव्हेंबर २०१४ मध्ये गोव्याहून गेले आणि मार्च २०१७ मध्ये पणजीला परतले. ‘समान पद, समान पेन्शन’ त्यांच्या काळात लागू झालं. २०१६ ची सीमेपलीकडची कारवाईही त्याच काळातली. दोघांची कुवत वादातीत. पण एक वीस महिने टिकला, दुसरा अठ्ठावीस. पर्रीकर यायच्या आधी आणि ते गेल्यानंतरही काही महिने अर्थ आणि संरक्षण ही दोन्ही खाती एकट्या अरुण जेटलींकडे होती. एक तोफ घ्यायची ठरली तर चाचण्या, निविदा, करार यात दहा-दहा वर्षं जातात. आणि तिचा मंत्री मात्र दोन वर्षांत बदलतो! राज्यातल्या राजकारणाला गरज पडली की देशाच्या संरक्षणातून माणूस उचलायचा, ही सवय कोणत्याही एका पक्षाची नाही, आणि ती चांगलीही नाही.

यावर कुणी म्हणेल, नुसतं टिकून काय होतं? बरोबर आहे. ए. के. अँटनी २००६ ते २०१४ असे सलग साडेसात वर्षं संरक्षण मंत्री होते. त्यांच्या हातावर कधी डाग लागला नाही. पण शस्त्रखरेदीचे निर्णय रेंगाळले, ही टीका त्यांच्यावर झाली आणि तिच्यात तथ्य होतं. म्हणून मी तीन गोष्टी एकत्र मागते: टिकणं, ऐकणं आणि ठरवणं. मेनन ठरवायचे, पण ऐकत नव्हते. अँटनी टिकले, पण ठरवायला वेळ लावला. चव्हाणांकडे चार वर्षं या तिन्ही गोष्टी होत्या, म्हणून ते लक्षात ठेवायचे. सह्याद्री-हिमालयाची उपमा मग खुशाल द्या.

“एवढं सगळं कटंगीत बसून कशाला?” असं कुणाच्या मनात आलं असेल. बालाघाटमध्ये आपल्याला गणवेश दिसतो तो बहुतेक सीआरपीएफचा नाहीतर राज्य पोलिसांचा. ती दलं गृह खात्याच्या साखळीत येतात, संरक्षण मंत्रालयाच्या नाही. त्यामुळे हे मंत्रालय आपल्याला दूरचं वाटतं. पण तिरोडी-तुमसर ओलांडून भंडाऱ्याला जा. तिथला आयुध निर्माणी कारखाना १९६४ चा, म्हणजे चीनच्या युद्धानंतरच्या त्याच धडपडीतला. इकडे जबलपूरला खमरिया आहे, तोफगाड्यांचा कारखाना आहे. आपल्या भागातल्या कित्येक घरांची चूल या कारखान्यांवर पेटली आहे. २०२१ साली दिल्लीत एक निर्णय झाला आणि हे सरकारी कारखाने सात कंपन्यांमध्ये वाटले गेले. जानेवारी २०२५ मध्ये भंडाऱ्याच्या कारखान्यात स्फोट झाला आणि कामगारांचे जीव गेले. संरक्षण म्हणजे फक्त सीमा, असं त्या घरांना कोण सांगणार?

आणि आपल्या गावांतून पहाटे अंधारात रस्त्यावर धावणारी ती पोरं? भरतीची तयारी करतात बिचारी. सोळाशे मीटर किती मिनिटांत काढायचं, हे त्यांना झोपेतही सांगता येतं. जून २०२२ मध्ये अग्निपथ योजना आली. चार वर्षांची नोकरी, आणि त्यानंतर शंभरातल्या पंचविसांपर्यंतच कायम. योजना चांगली की वाईट, यावर आपल्या वर्गातही दोन तट पडतील, पडू द्या. पण हा निर्णय ज्या मंत्रालयातून आला, तिथे कोण बसतं, किती दिवस बसतं, कुणाचं ऐकतं, हे विचारायचा हक्क त्या धावणाऱ्या पोरांना आहे की नाही? लोकसभेत आपल्या बालाघाटचाही खासदार असतो. संरक्षणावर त्याने किती प्रश्न विचारले, हे आपण निवडणुकीत कधी विचारतो का?

शेवटी साहित्य मंडळाची म्हणून एक गोष्ट. यशवंतरावांचं ‘कृष्णाकाठ’ आपल्यापैकी काहींनी वाचलं असेल. देवराष्ट्राचं बालपण, कराडची शाळा, बेचाळीसची चळवळ, आणि १९४६ पाशी पुस्तक थांबतं. मुंबईचा आणि दिल्लीचा भाग ते पुढे लिहिणार होते. नोव्हेंबर १९८४ मध्ये ते गेले आणि ते राहूनच गेलं. ६५च्या युद्धातल्या त्यांच्या नोंदी पुढे त्यांचे खासगी सचिव राम प्रधान यांनी पुस्तकरूपाने आणल्या, त्या इंग्रजीत. म्हणजे मराठीकडे कृष्णेचा काठ आहे, यमुनेचा नाही. तिथे आपण ते एक वाक्य ठेवून दिलं आहे.

आपल्याकडे शाळेत हिंदीच्या पुस्तकात ‘रक्षा मंत्री’ वाचतो आणि घरी मराठीत ‘संरक्षण मंत्री’ म्हणतो. दोन्ही भाषा आपल्याला येतात, इंग्रजीही थोडीफार जमते. मग त्या नोंदी वाचून, त्यांवर मराठीत चार पानं लिहायला कटंगीच्या विद्यार्थ्यांना काय हरकत आहे? मंडळाने येत्या १२ मार्चला, यशवंतरावांच्या जयंतीला, भाषणांऐवजी हेच वाचन ठेवावं, असं मी सुचवते. सह्याद्री धावला, हे सगळ्यांना ठाऊक आहे. तो तिथे चार वर्षं बसला कसा, हे एकदा आपण वाचू या.