स्वतंत्र बाण्याचा खासदार आणि त्याचे मतदार

बीड जिल्ह्याच्या राजकारणाचा विषय निघाला की घराणी, साखर कारखाने आणि जातीची बेरीज-वजाबाकी यांच्या पलीकडे चर्चा जात नाही. ही चर्चा निराधार नाही. पण तिच्यामुळे या मतदारसंघाचा दुसरा इतिहास झाकला जातो. निजामी राजवट संपून चार वर्षेही झाली नव्हती, तेव्हा, 1952 च्या पहिल्या निवडणुकीत, बीडने काँग्रेसला नाकारून पीपल्स डेमोक्रॅटिक फ्रंटचे बाबासाहेब परांजपे यांना लोकसभेत पाठविले. 1977 मध्ये देशभर जनता पक्षाची लाट असताना बीडचे खासदार झाले ते मार्क्सवादी कम्युनिस्ट पक्षाचे गंगाधरअप्पा बुरांडे. आणि या दोहोंच्या मध्ये, 1967 मध्ये, याच मतदारांनी क्रांतिसिंह नाना पाटील यांना निवडून दिले. ज्याला आपण स्वतंत्र बाण्याचा लोकप्रतिनिधी म्हणतो तो कोणाच्या बळावर उभा राहतो, हा प्रश्न समजून घ्यावयाचा असेल तर नानांचे उदाहरण फार मोलाचे आहे.

नाना पाटील बीडचे नव्हते. ते वाळवे तालुक्यातील येडेमच्छिंद्रचे. कृष्णाकाठच्या या शेतकऱ्याच्या मुलाने तलाठ्याची नोकरी केली आणि 1930 च्या सविनय कायदेभंगात ती सोडून दिली. 1942 नंतर सातारा जिल्ह्यात जे प्रतिसरकार उभे राहिले त्याचे ते अध्वर्यू. लोकांनी त्याला 'पत्री सरकार' म्हटले, आणि त्या नावातील दहशतच पुढे अधिक लक्षात राहिली. पण गावोगावची न्यायदान मंडळे, सावकारी व गुंडगिरीला बसविलेला आळा, कर्ज काढून लग्ने करण्याच्या चालीविरुद्ध लावलेले साधे विवाह हे त्या सरकारचे खरे काम होते. ब्रिटिश सरकारला नाना अखेरपर्यंत सापडले नाहीत. 1946 मध्ये ते स्वतःहून उघडपणे लोकांसमोर आले.

अशा माणसाला स्वातंत्र्यानंतर सत्तेच्या पंगतीत मानाचे पान सहज मिळाले असते. नानांनी काँग्रेस सोडली. शेतकरी कामगार पक्षाच्या उभारणीत ते होते; पुढे तोही पक्ष सोडून ते कम्युनिस्ट पक्षात गेले. त्या पक्षाशी समाजवाद्यांचे मतभेद जुने आणि मूलभूत आहेत. ते येथे लपविण्याचे कारण नाही. पण त्यांच्यामुळे नानांच्या आयुष्याचा अर्थ बदलत नाही. त्यांनी पक्ष बदलले हे खरे, परंतु प्रत्येक वेळी ते सत्तेपासून अधिक दूर गेले. ज्या 1967 साली बीडने त्यांना निवडून दिले, त्याच साली हरियाणात गयालाल नावाच्या आमदाराने इतक्या झपाट्याने पक्ष बदलले की 'आयाराम-गयाराम' हा शब्दच भारतीय राजकारणात रूढ झाला. नानांचे पक्ष बदलणे आणि गयालालचे पक्ष बदलणे एकाच तराजूत घालता येणार नाही. पक्ष सोडणाऱ्याने काय मिळविले आणि काय गमावले, एवढे पाहिले की दोहोंतील भेद उघड होतो.

1957 मध्ये संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात साताऱ्याने नानांना लोकसभेत पाठविले. त्या सभागृहात मराठीतून बोलणारे पहिले खासदार म्हणून ते ओळखले जातात. ही गोष्ट आपण कौतुकाने सांगतो आणि तेथेच थांबतो. वस्तुतः तिच्यात प्रतिनिधित्वाचा एक सिद्धांत दडलेला आहे. संसदेचे कामकाज हिंदीत किंवा इंग्रजीत चालते. ज्याला या भाषांत पुरेसे व्यक्त होता येत नाही त्याला अध्यक्षांच्या अनुज्ञेने मातृभाषेत बोलण्याची सोय घटनेच्या 120 व्या अनुच्छेदात आहे. ज्यांच्या वतीने आपण बोलतो त्यांना आपले शब्द कळले पाहिजेत, हा त्या मराठी भाषणाचा अर्थ. मराठवाड्याला तो अधिक जवळचा वाटावा. निजामाच्या राज्यात दरबार, कचेरी आणि न्यायालय यांची भाषा उर्दू होती, आणि आपल्याच जमिनीचा कागद दुसऱ्याकडून वाचून घेण्याची वेळ येथील कुणब्यावर येत असे.

1967 च्या निवडणुकीत महाराष्ट्रातील 45 जागांपैकी 37 काँग्रेसने जिंकल्या. उरलेल्या मोजक्या जागांवर पुण्यातून एस. एम. जोशी, राजापूरमधून बॅ. नाथ पै, मुंबईतून जॉर्ज फर्नांडिस आणि श्रीपाद अमृत डांगे असे लोक निवडून आले. त्या मालिकेत बीडचे नाव नाना पाटलांमुळे आहे. त्यांच्या हाती ना कारखाना होता, ना सहकारी बँक, ना शिक्षणसंस्था. ज्या मतदाराला ते कर्ज, नोकरी वा मुलाचा कॉलेजप्रवेश यांपैकी काहीही देऊ शकत नव्हते, त्याने त्यांना मत दिले. त्या मताच्या मोबदल्यात त्याला भाषण, संघटना आणि लढ्याची साथ एवढेच मिळणार होते. देण्यासारखे काही नसलेल्या माणसाला निवडणारा मतदार स्वतः स्वतंत्र असावा लागतो, आणि त्याचे स्वातंत्र्य हेच अशा खासदाराचे भांडवल असते.

याच काळात बिहारमध्ये मधू लिमये यांचे उदाहरण घडत होते. पुण्यात जन्मलेला, गोवा मुक्तिलढ्यात पोर्तुगीजांचा तुरुंग भोगलेला हा माणूस 1964 ची पोटनिवडणूक आणि 1967 ची सार्वत्रिक निवडणूक मुंगेरमधून जिंकला, 1973 व 1977 मध्ये बांकामधून जिंकला. नियमपुस्तिका, प्रश्नोत्तराचा तास आणि हक्कभंगाचा प्रस्ताव ही साधने लिमये यांनी अशी वापरली की मंत्र्यांना तयारीशिवाय सभागृहात येणे कठीण झाले. पण त्यांच्या बाण्याची खरी कसोटी आणीबाणीत लागली. 1971 मध्ये निवडलेल्या लोकसभेची पाच वर्षांची मुदत मार्च 1976 मध्ये संपत होती. सरकारने ती वाढवून घेतली. जनतेने पाच वर्षांसाठी दिलेली जागा सहाव्या वर्षी आपल्याला वापरता येणार नाही, या भूमिकेतून तुरुंगात असलेल्या लिमये यांनी राजीनामा दिला. तरुण शरद यादव यांनीही दिला. त्याच 1976 मध्ये खासदारांना निवृत्तिवेतन लागू झाले. लिमये यांनी ते पुढे कधीच घेतले नाही, आणि स्वातंत्र्यसैनिकाचे निवृत्तिवेतनही नाकारले. 1977 मध्ये त्यांनी मंत्रिपद स्वीकारले नव्हते, तेव्हा या नकारात नवल काहीच नव्हते.

लिमये आणि नाना पाटील दोघेही कडवे पक्षीय कार्यकर्ते होते. म्हणून स्वतंत्र बाणा म्हणजे पक्षविरहितता, हा सुशिक्षितांचा आवडता समज टाकून दिला पाहिजे. एकटा अपक्ष सभागृहात फार तर लक्ष वेधून घेतो. धोरण बदलण्यासाठी संघटनाच लागते. प्रश्न एवढाच, की पक्षाच्या निर्णयापुढे सदसद्विवेकाला कितपत जागा उरते.

कायद्याने ही जागा जवळजवळ संपविली आहे. 1985 च्या बावन्नाव्या घटनादुरुस्तीने दहावे परिशिष्ट आले आणि पक्षादेशाविरुद्ध मत देणाऱ्याचे सदस्यत्वच धोक्यात आले. आयाराम-गयारामांना लगाम हवा होता, हे मान्य. परंतु एकट्याने केलेल्या पक्षांतराला शिक्षा आणि गटाने केलेल्याला मुभा, अशी त्या कायद्याची रचना होती. किरकोळ विक्रीला बंदी आणि घाऊक विक्रीला परवाना, हा लिमये यांचा आक्षेप यथार्थच होता. 2003 च्या दुरुस्तीने एकतृतीयांश फुटीची पळवाट बुजविली, तरी 2022 आणि 2023 मध्ये महाराष्ट्राने दोन पक्षांची जी घाऊक फाटाफूट पाहिली ती हा कायदा रोखू शकला नाही. म्हणजे प्रामाणिक मतभेदाला शिक्षा झाली आणि संघटित सत्तांतराला झाली नाही. पक्षादेशाचे बंधन विश्वासदर्शक प्रस्तावासारख्या सरकारच्या अस्तित्वाशी निगडित मतदानापुरते ठेवावे, असे दिनेश गोस्वामी समितीने 1990 मध्येच सुचविले होते. समाजवाद्यांनी ही मागणी पुन्हा हाती घ्यावयास हवी.

तथापि, केवळ कायदा बदलून नाना पाटील निर्माण होणार नाहीत. अर्थशास्त्राच्या अध्यापनात हयात घालविल्यामुळे मला येथे खर्चाची बाजू अधिक महत्त्वाची वाटते. लोकसभेच्या उमेदवाराला मोठ्या राज्यांत 2022 पासून 95 लाख रुपयांपर्यंत खर्चाची मुभा आहे. पक्षाच्या खर्चाला तर मर्यादाच नाही. एवढी रक्कम जो पुरवतो, त्याला खासदाराचा स्वतंत्र बाणा परवडत नाही. दुसरीकडे, 1993 मध्ये सुरू झालेल्या स्थानिक विकास निधीची वार्षिक रक्कम 2011 पासून पाच कोटींवर गेली. सभामंडप, हातपंप आणि पेव्हर ब्लॉक यांची शिफारस करणारा खासदार सरकारला जाब विचारणारा राहत नाही, तर सरकारी खर्चातील एक वाटेकरी होतो. मतदारही मग त्याला भाषणाचा हिशेब विचारत नाही, सभामंडपाचा विचारतो.

बीडमध्ये या व्यवहाराची किंमत कोण मोजतो? दिवाळीच्या सुमारास जिल्ह्यातील लाखो माणसे ऊसतोडीला निघतात. नवरा-बायको मिळून एक कोयता धरला जातो, उचल मुकादमाकडून घेतलेली असते आणि ती फिटेपर्यंत सुटका नसते. ज्या कृष्णाकाठातून नाना बीडला आले, त्याच कृष्णाकाठच्या फडांत बीडची माणसे आज राबतात. 2019 मध्ये येथील ऊसतोड स्त्रियांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांचा प्रश्न गाजला, चौकशी समिती नेमली गेली. स्त्रीच्या आजारपणातील एक खाडाही जेथे अंगावर कर्ज चढवितो, तेथे हा प्रश्न केवळ वैद्यकीय राहत नाही. तो मजुरीच्या कराराचा आहे, आणि कारखाना, मुकादम व मजूर यांच्यातील करार ज्याच्या हितसंबंधांच्या बाहेर आहे असाच प्रतिनिधी तो निर्भयपणे मांडू शकतो.

म्हणून कार्यकर्त्यांपुढील काम स्पष्ट आहे. चांगला उमेदवार वरून येईल ही वाट पाहणे सोडावे. गावोगावच्या लहान वर्गणीतून निवडणूक निधी जमवावा आणि त्याचा पैन्‌पैचा हिशेब जाहीर करावा. निवडून आलेल्याने प्रत्येक अधिवेशनानंतर तालुक्याच्या ठिकाणी येऊन आपण काय बोललो, कोठे गप्प बसलो, कोणत्या ठरावावर कसे मत दिले हे मराठीत सांगावे, असा दंडक आधी आपल्या पक्षात पाडावा. ऊसतोड मजूर गावी नसताना अशी सभा घेऊ नये. ती फड संपून माणसे परतल्यावर, उन्हाळ्यात घ्यावी. ज्यांच्या मतावर जागा मिळाली, ते सभेला हजर असले पाहिजेत.

नाना पाटील 6 डिसेंबर 1976 रोजी मिरजेत वारले तेव्हा देशात आणीबाणी होती. त्यांच्या पक्षाने त्या आणीबाणीला पाठिंबा दिलेला होता. साडेतीन महिन्यांनी बीडच्या मतदारांनी आणीबाणीला विरोध करणाऱ्या दुसऱ्या लाल बावट्याच्या उमेदवाराला निवडून दिले. ज्यांनी 1967 मध्ये नानांना मत दिले, त्यांच्यापैकी अनेकांचे मत याही पेटीत पडले असणार. त्यांनी विचारपूर्वक निवड केली होती, आणि ती बदलतानाही विचार सोडला नाही.