शिक्षकाचा कागद आणि सरकारची मुदत

दिवसभर राबलेल्या गड्याची मजुरी सांजेला त्याच्या हातीं पडावी, हा न्याय गांवांतलें लहान पोरही जाणतें. सुतारानें दार घडवून बसविलें आणि घरधनी "पैसे देत नाहीं" असें न म्हणतां वर्षानुवर्षें नुसतें "बघूं, बघूं" म्हणत राहिला, तर त्या घरधन्यास आपण काय म्हणूं? सरकार आपल्याच शाळामास्तरांशीं असें वागत आलें आहे.

जिल्हा परिषदेच्या शाळेंत १२ वर्षें सेवा झाली कीं शिक्षकास वरिष्ठ वेतनश्रेणी मिळावी, असा नियम आहे. पण तिला प्रशिक्षणाची अट. प्रशिक्षण काढावयाचें सरकारनें, आणि तें न निघाल्यास खोळंबावयाचें शिक्षकानें! २०२२ सालीं हें प्रशिक्षण ऑनलाईन निघालें, तेव्हां बारा वर्षें कधींच उलटून गेलेले कितीतरी शिक्षक ताटकळत होते. त्यांच्याकडूनच दरडोई २००० रुपये शुल्क घेतलें. हक्काचें मिळविण्यासाठीं पुन्हां पदरचें मोडा!

सातव्या वेतन आयोगाची गोष्ट तीच. वाढ १ जानेवारी २०१६ पासूनची. महाराष्ट्रांत ती लागू झाली २०१९ सालीं. मधल्या तीन वर्षांची बाकी पांच हप्त्यांत देण्याचें ठरलें, आणि करोनाच्या काळांत हप्ताही पुढें ढकलला. २००० सालीं शिक्षणसेवक नेमूं लागले, तेव्हां प्राथमिक शाळेंत मानधन महिना ३००० रुपये होतें. पुढें तें ६००० झालें व तेथेंच वर्षानुवर्षें रुतलें. १६००० व्हावयास २०२३ साल उजाडलें.

१८८२ सालीं जोतीराव फुले यांनीं हंटर कमिशनपुढें मागणी केली कीं प्राथमिक शिक्षकास निदान १२ रुपये व मोठ्या गांवीं १५ ते २० रुपये पगार असावा, आणि शिक्षक होतां होईल तों शेतकरी वर्गांतून यावे. आज कुणब्याची मुलगी, भंडाऱ्याचा मुलगा हातीं खडू घेऊन उभा आहे. दार उघडलें खरें. पण आंत गेलेल्याचा कागद मात्र टेबलावरून हलत नाहीं.

कोणी म्हणेल, "मास्तरांना पगार आमच्याहून बरा, त्यांचें रडगाणें आम्हीं कां ऐकावें?" प्रश्न रास्त आहे. पण बाब पगार किती याची नाहीं. मागितलेल्या हक्काचा निकाल देण्याची आहे. मांडवीचा मच्छीमार डिझेलच्या परताव्यासाठीं वाट पाहतो, शेतकरी सातबाऱ्यावरील नोंदीसाठीं हेलपाटे घालतो. रोग एकच आहे. "नाहीं" म्हटलें तर अपील करतां येतें. गप्प बसलें तर माणूस कोठें दाद मागणार? म्हणून उशीर हाही एक निकालच, आणि तो नेहमीं गरिबाविरुद्ध लागतो. शिवाय मांडवीहून जिल्हा परिषदेची कचेरी जवळ. मंडणगडच्या शिक्षकाचा मात्र एका फेरीस अख्खा दिवस मोडतो. दोन शिक्षकी शाळेंत त्या दिवशीं सगळे वर्ग एकट्यावर पडतात. नुकसान कोणाच्या पोरांचें? आपल्याच.

कायदा नाहीं असेंही नाहीं. शासकीय कामांतील विलंब रोखण्याचा २००५ चा कायदा सांगतो कीं फाईल एका कर्मचाऱ्याकडे सामान्यतः कामाच्या सात दिवसांहून अधिक राहूं नये. दुसऱ्या खात्याकडे जाण्याची गरज नसल्यास ४५ दिवसांत, असल्यास तीन महिन्यांत निर्णय व्हावा. हेंच माप शिक्षकाच्या कागदास शाळेपासून मंत्रालयापर्यंत लावावें, एवढीच आमची मागणी आहे. अर्जाची तारखेसह पोंच द्यावी. तीन महिन्यांत होय किंवा नाहीं तें कारणासह लेखी कळवावें. मुदत टळल्यास थकलेल्या रकमेवर व्याज द्यावें. आपण घरपट्टी थकवली तर तिच्यावर दंड लागतो. मग देणें सरकारकडे थकलें कीं न्याय बदलतो काय?

बंधुभगिनींनो, शाळा व्यवस्थापन समितींत तीन चतुर्थांश जागा पालकांच्या आहेत. त्या केवळ सह्यांसाठीं नाहींत. पुढच्या सभेंत विचारा: आमच्या शाळेंतील कोणाचा कागद कोठें व किती दिवस पडून आहे? उत्तर इतिवृत्तांत लिहून घ्या आणि ठराव कचेरींत नेऊन त्याची पोंच मागा. मुक्या माणसाचा कागद तळाशीं जातो. चार गांवें बोललीं कीं तो वर येतो.