जनरल थोरातांचे चरित्र आणि आमची शहरे

ठाण्याचा किल्ला मराठ्यांनी १७३७ साली पोर्तुगीजांकडून घेतला आणि कल्याणच्या खाडीवर शिवछत्रपतींच्या आरमाराचा पाया घातला गेला, या गोष्टी आमच्या सभांतून मोठ्या अभिमानाने सांगण्यात येतात. त्या सांगाव्यातही. परंतु टाळ्या वाजवून घरी परतणाऱ्या गृहस्थाचा मुलगा ‘मी सैन्यात अधिकारी होईन’ असे म्हणू लागला, की ‘बुद्धी असताना तिकडे कशाला?’ असा प्रश्न वडिलांच्याच तोंडून निघतो. जणू सैन्य म्हणजे केवळ मनगटाचा धंदा! या समजुतीचे निरसन लेफ्टनंट जनरल शंकरराव थोरात यांच्या चरित्राने जितके होते, तितके कोणत्याही व्याख्यानाने होणार नाही.

थोरात हे १९०६ साली जन्मलेले, कोल्हापूरकडील गृहस्थ. विलायतेत सँडहर्स्ट येथे शिकून ते १९२६ साली अधिकारी झाले. १९४५ साली आराकानातील कांगॉच्या तुंबळ लढाईत त्यांनी पंजाब रेजिमेंटची पलटण लढविली व डी. एस. ओ. हे पदक मिळविले. ही शौर्याची बाजू झाली. १९५३ साली कोरियात बावीस हजारांवर युद्धकैद्यांच्या राखणीचे काम भारतीय सेनेकडे आले. तिचे सेनापती थोरात होते. बिथरलेल्या कैद्यांनी एका भारतीय अधिकाऱ्यास कोंडून ठेविले, तेव्हा थोरात निःशस्त्र त्यांच्या गोटात शिरले आणि संभाषणाच्या बळावर त्यास सोडवून आले. हे काम मनगटाचे की बुद्धीचे, हे वाचकांनीच ठरवावे.

पुढे पूर्व विभागाचे मुख्य असता, १९५९ च्या ऑक्टोबरात, त्यांनी ईशान्य सीमेच्या संरक्षणाविषयी सविस्तर टिपण लिहिले. सीमेवरील चौक्या केवळ सूचना देण्यापुरत्या ठेवाव्या आणि मुख्य लढाई, जेथे रस्त्याने रसद पोचेल अशा मागच्या फळीवर द्यावी, असा त्याचा आशय होता. १९६० च्या मार्चात ‘लाल किला’ नामक सरावात हा विचार पारखलाही गेला. परंतु संरक्षणमंत्री कृष्ण मेनन यांस ती भीती अवास्तव वाटली. १९६१ साली जनरल थिमय्या यांनी आपल्यामागे थोरातांचे नाव सुचविले असताही निवड दुसऱ्याची झाली, व थोरात निवृत्त झाले. १९६२ साली काय घडले, ते सर्वांस विदित आहे. पराभवानंतर पंडित नेहरूंनी थोरातांस सल्ल्यासाठी बोलावून घेतले. पण वेळ निघून गेली होती.

कोणी म्हणेल, ज्याचे ऐकले गेले नाही त्याच्या वाटेने आमची मुले का धाडावी? आमचे उत्तर असे की, सल्ला धुडकाविणे सोपे जाते, ते सैन्यव्यवहार जाणणारी घरे समाजात थोडी असतात म्हणूनच. व्यापाऱ्यास हिशेब कळतो, म्हणून खोटा ताळेबंद त्याच्यापुढे टिकत नाही. ज्या शहरांतील शेकडो घरांत लष्करी अधिकारी आहेत, ती शहरे तज्ज्ञाच्या टिपणाचे पुढे काय झाले, हे विचारल्यावाचून राहणार नाहीत.

मार्ग दूरचा नाही. खडकवासल्याची प्रबोधिनी आमच्याच प्रांतात आहे, व बारावी शिकणारा विद्यार्थी तिच्या परीक्षेस बसू शकतो. त्या तयारीसाठी राज्य सरकारने औरंगाबाद, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगर, येथे १९७७ साली मुलांकरिता संस्था काढली. मुलींकरिता नाशिक येथे निघाली. सर्वोच्च न्यायालयाच्या २०२१ मधील आदेशाने प्रबोधिनीचे दार मुलींसही उघडले असून, २०२५ च्या मे महिन्यात त्यांची पहिली तुकडी बाहेर पडली. आता दार बंद आहे ते आमच्या घरांचे. ते उघडणे सर्वस्वी आमच्याच हाती आहे.