पासपोर्ट जर्मन, कॅमेरा मुंबईचा

‘पाकीझा’ ४ फेब्रुवारी १९७२ रोजी मुंबईच्या मराठा मंदिरात लागला, तेव्हा त्याचे छायालेखक जोसेफ विर्शिंग यांना जाऊन पाच वर्षं होत आली होती. मीनाकुमारीच्या चेहऱ्यावरचा प्रकाश लोकांना आजही आठवतो. तो पाडणाऱ्याचं नाव विचारलं, तर फार थोड्यांना सांगता येईल.

विर्शिंग मूळचे म्युनिकचे. ‘प्रेम संन्यास’च्या चित्रीकरणासाठी ते १९२५ मध्ये पहिल्यांदा भारतात आले. हिमांशू राय आणि देविकाराणी यांनी १९३४ मध्ये मालाडला बॉम्बे टॉकीज उभी केली आणि विर्शिंग यांना पुन्हा बोलावणं गेलं. दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन आणि नेपथ्यकार कार्ल फॉन श्प्रेटी हेही जर्मनच. डॉ. आंबेडकरांनी १९३५ मध्ये येवल्याला धर्मांतराची घोषणा केली. पुढच्याच वर्षी याच चमूनं ब्राह्मण मुलगा आणि अस्पृश्य मुलीच्या प्रेमाचा ‘अछूत कन्या’ पडद्यावर आणला. तिकडे जर्मनीत वंशावरून माणसांचं नागरिकत्व काढून घेण्याचे कायदे झाले होते. ऑस्टेन तर नाझी पक्षाचे सदस्य होते! हा इतिहास सोयीस्कर नाही, म्हणूनच तो पुरता सांगायला हवा.

सप्टेंबर १९३९ मध्ये महायुद्ध पेटलं आणि ब्रिटिश सरकारच्या लेखी मालाडचे हे तंत्रज्ञ एका दिवसात शत्रुराष्ट्राचे नागरिक झाले. ऑस्टेन पुढे जर्मनीला परतले. विर्शिंग यांची युद्धाची वर्षं स्थानबद्धतेत गेली. छायालेखकाच्या उमेदीची ही वर्षं. त्या काळात त्यांच्या हातून जे चित्रपट झाले असते, ते कुठल्याच सूचीत सापडणार नाहीत.

स्टुडिओ मात्र थांबला नाही, कारण तिथे काम करता करता माणसं घडत होती. त्या जर्मन तंत्रज्ञांच्या हाताखाली शिकलेल्या आर. डी. परींजा यांनी १९४३ चा ‘किस्मत’ चित्रित केला. त्यातलं कवी प्रदीप यांचं एक गाणं वरवर जर्मन आणि जपानी लोकांना दटावत होतं आणि आडून ब्रिटिशांना निघून जायला सांगत होतं. प्रेक्षकांना ते नेमकं कळलं.

युद्ध संपल्यावर विर्शिंग मुंबईतच राहिले. स्वतंत्र भारतात त्यांनी ‘जिद्दी’ केला आणि १९४९ मध्ये कमाल अमरोही यांचा ‘महल’. त्या हवेलीतला अंधार, हलणाऱ्या सावल्या, मधुबालाचं दिसणं आणि नाहीसं होणं या सगळ्यातून हिंदी सिनेमाला भयाची एक नवी भाषा मिळाली. जर्मन मूकपटांच्या प्रकाशयोजनेचं वळण तिच्यात स्पष्ट दिसतं, तरीही ‘महल’ला परका सिनेमा म्हणण्याची कोणाची छाती होणार नाही. पुढे अमरोहींनीच ‘पाकीझा’चा कॅमेरा त्यांच्या हाती दिला. १९६७ मध्ये विर्शिंग गेले आणि उरलेलं चित्रीकरण इतर छायालेखकांनी पूर्ण केलं.

कलावंत कोणत्या देशाचा यावरून त्याला काम द्यायचं की नाही, हा वाद आपल्याकडे आजही अधूनमधून उसळतो. देशांमधलं वैर खरं असतं, त्याची झळही खरी असते. पण सरसकट बंदी माणसाचं काम पाहत नाही, कागद पाहते. १९३९ मध्ये तेच झालं आणि त्याची किंमत मुंबईच्या सिनेमानं मोजली.

विर्शिंग यांनी काढलेली बॉम्बे टॉकीजची हजारो छायाचित्रं त्यांच्या कुटुंबानं जपली, म्हणून २०१७ मध्ये पणजीत त्यांचं प्रदर्शन होऊ शकलं. हे काम एका घरावर सोडून चालणार नाही. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे, फिल्म इन्स्टिट्यूट आहे. जुन्या छायालेखकांची छायाचित्रं, वह्या, पत्रं आणि त्यांच्या सहायकांच्या आठवणी या संस्थांनी घरोघरी जाऊन गोळा कराव्यात. आणि मालाडला बॉम्बे टॉकीजच्या जागेवर एक फलक लागावा. त्यावर नटनट्यांच्या जोडीला कॅमेरा, ध्वनी आणि रसायनशाळेत राबलेल्यांचीही नावं असावीत, जर्मन आणि भारतीय, दोन्ही.