गळा काढण्याचे वाङ्मय

समूहाने रडण्याला मराठी समाजात प्रतिष्ठा नाही. आपली भाषाच त्याची साक्ष देते. 'गळा काढणे', 'ऊर बडवणे', 'रडगाणे' हे शब्द आपण शोकासाठी क्वचित आणि हिणवण्यासाठीच अधिक वापरतो. मात्र या तुच्छतेला उत्तर देणारा ग्रंथ आपल्याच अभ्यासक्रमात आहे. तो म्हणजे संत नामदेवांचे समाधीचे अभंग. शके १२१८ मध्ये, म्हणजे इ. स. १२९६ साली, आळंदीस ज्ञानदेवांनी समाधी घेतली, त्या प्रसंगाचे हे अभंग. त्यांत शोक एकट्याचा नाही. निवृत्तिनाथ, भावंडे, संतमेळा असे सारेच त्यात वाहून जातात. दरवर्षी कार्तिक वद्य त्रयोदशीस आळंदीला नामदेवांच्या वंशातील नामदास महाराजांचे कीर्तन होते. प्रसंग समाधीपर्यंत आला की भलेभले गडीमाणूसही उपरण्याने डोळे पुसतात. काय घडणार हे सर्वांना ठाऊक असते. रडण्याची तिथी, वेळ आणि जागाही ठरलेली असते. तरीही त्या आसवांना कोणी खोटी म्हणत नाही.

आता हाच निकष आमच्या नंदुरबार जिल्ह्यातील एखाद्या दुःखाच्या घरी लावून पाहावा.

खानदेशात गंधमुक्ती आणि द्वारदर्शन हे शब्द शोकपत्रिकेत छापलेले असतात. बोलीत म्हणायचे तर माणसे 'दारावर' येतात. पुरुष ओट्यावर खाली मान घालून बसतात. बायका गल्लीच्या तोंडापासूनच सूर धरतात, घरात शिरून त्या घरच्या बाईच्या गळ्यात पडतात, आणि मग दोघींचे रडणे एकमेकीत मिसळते. हे रडणे नि:शब्द नसते. गेलेल्या माणसाला नात्याने हाक मारली जाते, त्याचे गुण सांगितले जातात, तो नसताना आता कोणते काम अडणार हेही सांगितले जाते. मध्येच एखादी आपल्या कधीच्या गेलेल्या भावाला हाक मारते. एखादी जिवंत दिरा-जावांचा हिशेबही मांडून टाकते, आणि त्या क्षणी तिला कोणी गप्प करीत नाही. एरवी हे बोलायची तिला सोय नसते. थोड्या वेळाने एखादी वयस्क बाई पाण्याचा तांब्या पुढे करते, आवाज खाली येतो. दारात नवी पाहुणी दिसली की पुन्हा चढतो.

या रचनेत संबोधन आहे, पालुपद आहे, स्मरण आहे, तक्रार आहे. शेजारच्या गुजरातीत मरसिया आणि तमिळमध्ये ओप्पारी हे शोकगीताचे प्रकार नावाने ओळखले जातात. मराठीत ओव्यांचे संग्रह झाले, साने गुरुजींचे 'स्त्रीजीवन' झाले, जात्यावरच्या ओव्या तर लाखाच्या घरात नोंदल्या गेल्या. रडण्यातले शब्द मात्र जवळजवळ बाहेरच राहिले. विलापिका शिकवताना आपण इंग्रजी एलेजीपासून आरंभ करतो.

असे का व्हावे? एक कारण मर्ढेकरांनंतर आपल्या हाडीमाशी खिळलेल्या आत्मनिष्ठेच्या आग्रहात आहे. ठरलेल्या वेळी, ठरलेल्या सुरात, दुसऱ्याच्या मृत्यूवर रडणारी बाई या मापाने ढोंगी ठरते. आम्हांला वाटते, येथे मापच चुकते आहे. आळंदीच्या मंडपातही वेळ आणि सूर ठरलेलाच असतो. फरक इतकाच की तेथे पोथी आहे आणि रडणारे पुरुष आहेत.

बहिणाबाई चौधरींची वैधव्यावरची प्रसिद्ध कविता या दृष्टीने पुन्हा वाचावी. आपण ती एका खंबीर स्त्रीचे आत्मगत म्हणून शिकवतो. पण त्या कवितेत ती बाई भोवती जमलेल्या बायकांशी बोलते आहे, माझी कीव करू नका असे त्यांना सांगते आहे. म्हणजे कवितेच्या आधी त्या बायकांचे रडणे झालेले आहे. १९५२ साली बहिणाबाईंची गाणी छापली गेली आणि उत्तर आपल्या हाती आले. ज्याला ते उत्तर होते, ते कोणी टिपले नाही. रामायणाच्या आरंभीही तेच. क्रौंचाची मादी आधी आक्रंदते, मग वाल्मीकींचा शोक श्लोक होतो. आपले काव्यशास्त्र मात्र श्लोकापासून मोजायला लागते.

येथे एक आक्षेप येईल, आणि तो वजनदार आहे. हाच रडण्याचा घोळका विधवेच्या बांगड्या फोडतो, कुंकू पुसतो. मे २०२२ मध्ये कोल्हापूर जिल्ह्यातील हेरवाडच्या ग्रामसभेने या प्रथा बंद करण्याचा ठराव केला आणि त्याच महिन्यात शासनाने इतर ग्रामपंचायतींनाही तसे आवाहन केले. ते योग्यच झाले. परंतु बांगड्या फोडणे आणि गळ्यात पडून रडणे या दोन गोष्टी एकाच गाठोड्यात बांधू नयेत. पहिली त्या बाईकडून काही हिरावून घेते. दुसरी तिला एकटी पडू देत नाही. सुधारणेच्या नावाखाली दुसरीही गेली, तर उरतील ती शोकसभेतील भाषणे आणि मोबाईलवरची 'भावपूर्ण श्रद्धांजली'.

आमच्या वर्गात अहिराणी, गुजरी, भिली, पावरी, मावची बोलणारी मुले-मुली बसतात. आईच्या रडण्याविषयी विचारले की त्यांतील बरीच ओशाळतात. पदवीला बसलेल्या मुलाला ते गावंढळ वाटते. आम्हांला काळजी आहे ती याची. प्रकल्पवहीसाठी लोकगीत आणायला सांगितले, की हळदीची आणि आखाजीची गाणी येतात, हे कधी येत नाही. त्यात त्यांचा दोष नाही. घरात मृत्यू नसताना तसे रडणे अशुभ, त्यामुळे 'म्हणून दाखवा' म्हटले तर कोणीही बाई म्हणून दाखवणार नाही, आणि प्रत्यक्ष प्रसंगी ध्वनिमुद्रक पुढे करणे हा निर्लज्जपणा होईल.

तेव्हा हे काम बाहेरच्या संशोधकाचे नाही. लेकीचे, सुनेचे, भाचीचे आहे. प्रसंग उलटून गेल्यावर, घरच्यांच्या संमतीने, नावे गाळून, जेवढे आठवते तेवढेच तिने लिहावे. बोलीत लिहावे, आणि ते प्रमाण मराठीत आणून देण्याचा आग्रह आपण शिक्षकांनी धरू नये.